गिर्गाशींची नोंद

"आणि तुमच्या आईच्या आईचं नाव?" धर्मकचेरीतल्या लग्ननोंदणीच्या खिडकीमागच्या कारकुनानं मान वर न करता विचारलं, आणि रायसाला ते सांगता येईना.

नाव ठाऊक नव्हतं असं नाही. हाया. हाया ग्लुझमन. विनित्सा या युक्रेनी गावातल्या त्या चार मजली इमारतीच्या जिन्यात शेजारणी दिवसातून वीस वेळा ते नाव घेऊन ओरडायच्या. पण 'आईची आई' हे शब्द असे जोडून कानावर पडले आणि ते नाव त्यांच्यापुढे ठेवायला ती धजेना. मागे रांगेत उभी असलेली एक मुलगी आपल्या होणाऱ्या नवऱ्याला फुलवाल्याबद्दल काही सांगत होती, छताचा पंखा कुईकुई करत होता, आणि कारकुनाचं पेन कागदापासून बोटभर वर थांबलं होतं. "हाया," रायसा शेवटी म्हणाली. तो आवाज आपला नाही असं तिला वाटलं. कारकुनाला काहीच जाणवलं नाही. त्यानं नाव लिहिलं, मग आईचा जन्मदाखला उजेडात धरला. "हा मूळ दाखला नाही, बाई. सेहेचाळीस सालची नक्कल आहे. तीसुद्धा या हायांच्याच जबानीवरून काढलेली." "लढाईत कचेरी जळली होती." "सगळ्यांच्याच जळल्या होत्या," तो म्हणाला, पण कुचकेपणानं नाही, तिशीतला, थकलेला, दाढीत सकाळच्या पावाचे कण अडकलेला माणूस होता. "आई हयात आहेत ना? मग काळजी कसली करताय? तेवीस तारखेला घेऊन या. तिघे रब्बी बसतील, चार गोष्टी विचारतील, झालं. आईचं ज्यूपण सिद्ध झालं की तुमचं झालं, तुमचं झालं की मुलीचं. मुलीला माझ्या शुभेच्छा सांगा." त्यानं शिक्का मारला. चौकशीसाठी.

बाहेर जेरुसलेमवर खामसीन, वाळवंटाकडून येणारा तापलेला वारा, पसरला होता. आकाश पिवळं, समोरची टेकडी गायब, दातांखाली बारीक रेती. बसमध्ये बसल्यावर तिनं डोळे मिटले आणि अडतीस वर्षं मागे ढकलून ठेवलेली ती खोली जशीच्या तशी उभी राहिली. एकाहत्तर सालचा मार्च, खिडकीच्या फटीत कोंबलेला कापूस, औषधांचा आणि उकडलेल्या कोबीचा वास. आजी चार दिवस मरणाच्या दारात होती. रायसा सतरा वर्षांची होती, पायथ्याशी बसून आजीचे गार तळवे चोळत होती. आजी मध्येच स्वच्छ आवाजात म्हणाली, "फान्या. फान्याला बोलवा." आई स्वयंपाकघरातून धावत आली, हातात चहाचा पेला होता, तो ठेवायचंही तिला सुचलं नाही. "ही बघ मी, आई." आजीनं तिच्याकडे बराच वेळ पाहिलं. त्या नजरेत राग नव्हता. दारावर चुकून दुसराच पाहुणा यावा आणि माणसानं ओशाळावं, तसं काहीतरी होतं. "तू नव्हे," आजी म्हणाली, "माझी फान्या." आणि भिंतीकडे वळली. आई तिथंच उभी राहिली. मग तिनं तो चहा उभ्या-उभ्या स्वतःच पिऊन टाकला, पेला विसळला, पालथा घातला. ती त्याबद्दल कधी बोलली नाही. रायसानंही विचारलं नाही. भ्रमिष्टपणात माणूस काहीही बोलतं, असं तिनं स्वतःला सांगितलं, आणि त्या दिवसापासून ती आईचा चेहरा बघू लागली. रुंद गाल. राखी डोळे. आजीचं नाक नव्हतं, आजीच्या नात्यागोत्यातल्या कुणाचंच नव्हतं. पण ज्यू म्हणून या जगात जे सोसायचं असतं ते सगळं त्या राखी डोळ्यांनी सोसलं होतं. पासपोर्टाच्या पाचव्या रकान्यात 'ज्यू' लिहिलेलं होतं त्यापायी वैद्यकीय महाविद्यालयानं तिला दारातूनच परत पाठवलं होतं, बाजारात बायकांनी तिच्या पायाशी थुंकलं होतं, आणि एकोणऐंशी साली दोन बोचकी घेऊन ती रायसाबरोबर या शहरात उतरली तेव्हा विमानतळावरच्या माणसानं तिला "घरी परत आलात" म्हटल्यावर ती एवढी रडली होती की लोक गोळा झाले.

रायसा ज्या संस्थेत काम करायची तिथं तीस वर्षांपासून एक कोश तयार होत होता. प्राचीन हिब्रू ग्रंथात आलेली माणसं, गावं, जमाती, प्रत्येकाची नोंद. तिच्याकडे सध्या गिर्गाशी होते. या देशात इस्राएली येण्यापूर्वी जी सात राष्ट्रं नांदत होती म्हणतात, त्यांतलं एक. ग्रंथात नाव सात ठिकाणी, सातही वेळा नुसतं यादीत. त्यांचं गाव नाही, राजा नाही, लढाई नाही, देव नाही. बाकीच्यांना निदान मारलं तरी आहे. कोणाचा राजा झाडाला टांगला, कोणाचं शहर जाळलं. गिर्गाशींना कुणी मारल्याचंही लिहिलेलं नाही. सीरियाच्या किनाऱ्यावर सापडलेल्या मातीच्या पाट्यांवर तसंच एक माणसाचं नाव आहे, उत्तरेकडच्या हित्तींच्या कागदपत्रांत तसाच वाटणारा एक प्रांत आहे, आणि दोन्हींचा यांच्याशी संबंध असेलही, नसेलही. जुन्या रब्बींनी एक कहाणी सांगितली आहे: आक्रमण होणार म्हणून निरोप आला तेव्हा गिर्गाशी उठले आणि चालायला लागले, थेट आफ्रिकेत गेले. रायसाला त्या कहाणीनं झपाटलं होतं. उठताना त्यांनी चुलीवरचं उतरवलं असेल का, म्हाताऱ्यांना कसं नेलं असेल, आणि तिकडं पोचल्यावर कुणी विचारलं असेल की कोण तुम्ही, तेव्हा काय सांगितलं असेल. तिची नोंद पाच पानांची झाली होती. मुख्य संपादक उझिएल, सत्तरीचा गमत्या माणूस, त्या दुपारी तिच्या टेबलावर टेकून म्हणाला, "रायसा, गिर्गाशींबद्दल माहिती किती आहे आपल्याला?" "काही नाही." "मग काही नाही हे सांगायला पाच पानं? दोन ओळी लिही. 'कनानमधली एक जमात. उगम अज्ञात.' लोक काय, वाचून खटला घालणार आहेत?" "अज्ञात लिहिणं सोपं आहे, उझिएल. कितपत अज्ञात ते तरी लिहायला नको?" "तू बायको असतीस माझी तर मी आफ्रिकेत गेलो असतो," तो हसत म्हणाला, आणि काळी ऑलिव्हं तोंडात टाकत निघून गेला. ती हसली नाही. समोरच्या कागदावरची अक्षरं तिला दिसत होती, पण डोक्यात एकच वाक्य होतं: आईचं झालं की तुमचं झालं, तुमचं झालं की मुलीचं.

मुलगी संध्याकाळी आली, नोगा, सत्तावीस वर्षांची, दारातूनच चपला भिरकावत. लग्न जूनमध्ये होतं. अविशाय चांगला मुलगा होता, कुर्दिस्तानातून आलेल्या जुन्या, धार्मिक घरातला. त्याचे वडील सिनेगॉगमध्ये पहिल्या बाकावर बसायचे. "त्याची आई दिवसातून दोनदा फोन करते," नोगा फ्रिज उघडून आत डोकावत म्हणाली, "तारीख पक्की ना, तारीख पक्की ना. तीनशे माणसांना निरोप गेलेत तिचे." "सायप्रसला जाऊन रब्बींशिवायच लग्नाची नोंदणी करून आलात तर? कितीतरी जण करतात." नोगा काकडी हातात घेऊन वळली. "आणि त्याच्या वडलांना काय सांगू? मुलगी चांगली आहे, फक्त रब्बींसमोर उभी राहत नाही? आई, काय चाललंय तुझं? आजीला चांगला स्वेटर घालू, घेऊन जाऊ. ती जुन्या ज्यू बायकांसारख्या यिद्दिशमध्ये दोन शिव्या हासडेल, तिघेही रब्बी गार." रायसा चहात लिंबू पिळत राहिली, पिळून झाल्यावरही. नोगा जवळ आली. लहानपणी ताप आल्यावर आईकडे बघायची तसं बघत होती. "काही आहे का? मला माहीत नसलेलं?" "काही नाही," रायसा म्हणाली. किती सहज आलं ते. आयुष्यभर पुराव्याशिवाय एक ओळ लिहिली नव्हती तिनं. नोगाच्या हातातली काकडी कुरकुर वाजली. ही बारा वर्षांची असताना पहिला पूर्ण उपास करून संध्याकाळी चक्कर येऊन पडली होती. सैन्यातून पहिल्या सुट्टीवर आली तेव्हा बूटही न काढता शुक्रवारच्या सांजेला शब्बाथच्या मेणबत्त्या लावायला धावली होती. हिला सांगायचं? की कदाचित तू ती नाहीस, आणि तुला होतील ती मुलंही नाहीत? आणि कदाचित आहेसही. ते कुणाला माहीत नाही, माहीत होण्यासारखं काही उरलं नाही?

दुसऱ्या दिवशी ती वृद्धाश्रमात गेली. फान्या खिडकीशी खुर्ची ओढून बसली होती, मांडीवर सूर्यफुलाच्या बियांची वाटी, पुढच्या दातांनी एकेक फोडत. "बस. पाय लोंबकळत ठेवू नकोस, सुजतात तुझे." "आई, तेवीस तारखेला—" "माहीत आहे. नोगाचा फोन आला होता. निळा स्वेटर घालू म्हणते, मी म्हटलं या उन्हात घाल तुझ्या सासूला." रायसानं हसून घेतलं. मग म्हणाली, "ते लढाईच्या आधीचं विचारतील." "विचारू देत." फान्यानं आणखी एक बी फोडली. "तू विचार ना," फान्या एकदम म्हणाली. "सतरा वर्षांची असल्यापासून माझ्या तोंडाकडे बघतेयस. भिंतीला तडा गेलाय का बघावं तशी. विचार एकदाचं."

रायसानं विचारलं. कसं विचारलं ते तिला नंतर आठवलं नाही. फान्या मात्र बाजारातून आल्यावर काय काय आणलं ते सांगावं तशी सांगत होती. "कोकंद. वाळवंटातलं गाव, लढाईतून पळालेल्या सगळ्यांना तिकडं नेऊन ओतलेलं. बराकीत टायफसचा ताप. हायाची मुलगी माझ्या शेजारी, दोघी एकाच ओव्हरकोटाखाली. मी कुणाची नव्हते. आगगाडीतून उतरताना कुणीतरी मला तिथं ठेवून गेलं होतं. ती मेली. हायानं दोन दिवस कुणाला कळू दिलं नाही, नाहीतर तिच्या नावाची भाकरी बंद झाली असती. मग एका पहाटे ती तिला उचलून घेऊन गेली. परत आली ती एकटी. तिचा रुमाल माझ्या डोक्याला बांधला आणि म्हणाली, फान्या, ऊठ."

"आणि तू उठलीस."

"तिच्या हातात भाकरी होती. भाकरी दाखवून तिनं मला शेळी म्हटलं असतं तरी उठले असते."

"त्याआधी? त्याआधीचं काही?"

"आगगाडी." फान्यानं वाटी बाजूला ठेवली. "त्याआधी एक विहीर. तिथं एक बाई उभी असते आणि मला हाक मारते. तोंड दिसत नाही, ऊन मागून येतं तिच्या. काय हाक मारते ते इथं येतं," तिनं ओठांना बोट लावलं, "आणि जातं."

"कुठल्या भाषेत, आई? यिद्दिश? युक्रेनियन?"

"पाच वर्षांच्या पोरीला भाषेचं नाव माहीत असतं का, वेडे? बोलतात तसं बोलत होते."

रायसाचं मन सवयीनं मोजमाप करू लागलं. त्या गाड्यांतून पळणारे बहुतेक ज्यूच होते. ते या बाजूचं. पण अनाथाश्रमच्या अनाथाश्रम हलवले होते, पोलिश होते, व्होल्गाकाठचे जर्मन होते. ते त्या बाजूचं. विहीर सगळ्यांकडेच असते. आणि हे मोजत असताना आपण समोर बसलेल्या बाईचा हातसुद्धा हातात घेतला नाही, हे तिला बसस्टॉपवर पोचल्यावर लक्षात आलं. त्या आधी दारातून तिनं एवढंच विचारलं होतं, "रब्बींना काय सांगशील?" "काय सांगायचंय?" फान्या पुन्हा वाटीकडे वळत म्हणाली होती. "सदुसष्ट वर्षं फान्या आहे. सवय झालीय."

तेवीस तारखेला फान्या फिकट हिरव्या पोशाखात आली, केस विंचरून, ओठांना किंचित रंग लावून. नोगाला बाहेरच्या बाकावर थांबवलं. आत लांब टेबलामागे तिघे रब्बी. मधला सर्वांत म्हातारा, डोळ्यांत मोतीबिंदूची झाक, रोमानियाकडची गोड यिद्दिश बोलणारा. फान्या पाच मिनिटांत रंगात आली. सामाईक स्वयंपाकघरात शेजारीण सरकारात चुगली करेल म्हणून हाया शब्बाथच्या मेणबत्त्या बादलीत कशा लावायची, आणि एकदा बादली पेटली तेव्हा "उंदीर जाळतेय" म्हणून तिनं अख्ख्या मजल्याला कसं गप्प केलं. धर्माच्या नियमाप्रमाणे कोंबडी मिठात मुरवताना "पाय दुखतात, मिठाचं पाणी करतेय" असं कसं सांगायची. डावीकडचा तरुण रब्बी हसून हसून चष्मा पुसू लागला. मग फान्यानं त्या शेजारणीला दिलेली शिवी सांगितली, आणि म्हातारा रब्बीसुद्धा टेबलावर हात आपटून हसला. "ही शिवी मी माझ्या आजीनंतर आज ऐकतोय," तो म्हणाला. लिहिणाऱ्याचं पेन भराभर चालत होतं. रायसाच्या पाठीवरचा घाम गार होत गेला. झालंच आता. झालं.

"आणि लढाईच्या आधीचं?" म्हाताऱ्यानं डोळे टिपत, सहज, आपुलकीनं विचारलं. "अगदी लहानपणचं काही? घर, अंगण? तुम्हाला लाडानं काय हाक मारायचे?"

फान्याच्या चेहऱ्यावरचं हसू एकदम नाही गेलं. ते पाण्यासारखं मुरत गेलं, आणि खाली जो चेहरा राहिला तो रायसानं पंचावन्न वर्षांत कधी पाहिला नव्हता. त्याला वय नव्हतं. "विहीर होती," फान्या म्हणाली. "बाई उभी असायची. अशी, कमरेवर हात ठेवून. मी गवतात लपायची आणि ती मला हाक मारायची—" तिनं मान किंचित वर केली, हाक ऐकू येते आहे तशी. ओठ मिटले, एकमेकांवर दाबले गेले, आणि उघडू लागले.

"आई दमलीय, रब्बी," रायसा मोठ्यानं म्हणाली. खोलीच्या मानानं फारच मोठ्यानं. "तिला आधीचं आठवत नाही. टायफसमध्ये सगळं पुसलं गेलं."

"त्या बोलत होत्या," म्हातारा म्हणाला.

"वय झालंय तिचं. दुसऱ्याचं ऐकलेलं कधीकधी स्वतःचं म्हणून सांगते."

फान्या हळूच खुर्चीत मागे टेकली. म्हाताऱ्यानं त्याचे झाकोळलेले डोळे रायसावर ठेवले, इतका वेळ की तिला वाटलं, याला सगळं कळलं. कदाचित कळलंही असेल. आयुष्यभर अशाच खोलीत बसून त्यानं किती जळालेल्या कचेऱ्या ऐकल्या असतील. "तुम्ही विदुषी आहात असं इथं लिहिलंय," तो म्हणाला. "तुमची आई ही हाया ग्लुझमनच्या पोटची, याविषयी तुमच्या मनात काही शंका?"

"नाही," रायसा म्हणाली.

वीस मिनिटांत कागद हातात आला. नोगानं तो छातीशी धरला, आजीच्या दोन्ही गालांचे मुके घेतले आणि अविशायला फोन करत, रडत-हसत टॅक्सी शोधायला पुढे पळाली. फान्या बाहेरच्या दगडी कठड्यावर बसली होती, दोन्ही हात मांडीत. "आला होता," ती म्हणाली.

"काय आई?"

"शब्द. इथं आला होता."

रायसा तिच्यासमोर फुटपाथवर उकिडवी बसली. माणसं वळसा घालून जात होती. "आता सांग. आई, आता सांग मला. आता कुणी नाही. सांग ना गं." फान्यानं खरंच प्रयत्न केला. ओठ मिटले, उघडले, पुन्हा मिटले; पाण्याबाहेर काढलेल्या माशासारखं किती वेळ चाललं ते. रायसा तिच्या तोंडाकडे बघत होती, आणि ओठ मिटून सुरू होणारी जेवढी नावं दोन-तीन भाषांत तिला ठाऊक होती तेवढी एकामागून एक सांगत सुटली, मारुस्या, माल्का, मिंदल, बासिया, पोलीना, आणि फान्या प्रत्येकाला नकारार्थी मान हलवत गेली. मग थांबली. "गेला," म्हणाली. तिच्या आवाजात दोष देणं नव्हतं, ते असतं तर रायसाला बरं वाटलं असतं. "कुणी विचारलं नव्हतं गं कधी. हायानं नाही. तुलाही भाषा हवी होती. त्या म्हाताऱ्यानं विचारलं."

लग्न ठरल्या दिवशी झालं. फान्या पहिल्या रांगेत बसली, गोड खाल्लं, नोगाला आशीर्वाद दिले. त्याच आठवड्यात रायसानं कोशाची नोंद उझिएलच्या हातात दिली. दोन ओळी होत्या. त्यानं वाचली, चष्म्यावरून तिच्याकडे पाहिलं. "आणि आफ्रिका?" त्यानं विचारलं. "काढली," ती म्हणाली.

जुलैत वृद्धाश्रमातून फोन आला. परिचारिका इथिओपियाहून आलेली, हळू बोलणारी मुलगी होती. "तुमच्या आई हाकेला ओ देत नाहीत आता. आम्ही फान्या, फान्या करतो, त्या बघतच नाहीत. डॉक्टरांनी कान तपासले. कान चांगले आहेत." रायसा गेली. फान्या खिडकीशी नव्हती, खोलीच्या मधोमध खुर्चीत बसली होती, हात गुडघ्यांवर, कपडे नीटनेटके, गाडीची वाट बघणाऱ्या माणसासारखी. "फान्या," दारातून परिचारिका म्हणाली. काही नाही. रायसानंही ते नाव घेऊन पाहिलं, आयुष्यात पहिल्यांदा, आणि घेताना तिलाच ते कुण्या परक्या मुलीचं वाटलं, वाळवंटात कुठंतरी पुरलेल्या. ती पुढे झाली. खुर्चीशी गुडघे टेकून बसली. तिच्याकडे एकच हाक उरली होती.

"आई," ती म्हणाली.

म्हातारीचा चेहरा उजळला. तिनं झटकन मान वळवली, रायसाच्या डोक्यावरून पलीकडे, दाराकडे, आणि कोण आलंय ते बघायला खुर्चीतून अर्धवट उठली.